गोठ्याची साडी

लग्न होऊन पणदऱ्याला आले, तेव्हाचे पहिले आठवडे मला स्वप्नासारखे आठवतात. फार गोड होते म्हणून नव्हे. स्वप्नात कसं, आपल्याला ओरडायचं असतं, तोंड उघडतं, पण आवाज काही निघत नाही, तसे ते दिवस होते. घर उठायचं, जेवायचं, कामाला जायचं, परत यायचं, आणि मी त्यात डोक्यावर पदर घेऊन नुसती फिरत असायचे.

मला ओळखणारी माणसं हे ऐकून हसतील. मी जन्माची बडबडी. माझं माहेर कळसचं, इंदापूर तालुक्यातलं. आमचं घर गावाबाहेर माळावर. आजोबांपर्यंत घरात मेंढरं होती. वडिलांनी ती विकून शेती धरली आणि दारात चार-दोन शेळ्या तेवढ्या राहिल्या. माळावर वारा असा की हळू बोललेलं शेजारी बसलेल्यालाही ऐकू जात नाही. त्यामुळे आमच्या घरात सगळे ओरडूनच बोलतात, मायेनं बोलायचं असलं तरी. नव्या माणसाला वाटतं, यांची भांडणं लागलीत.

मला बघायला ही मंडळी आली त्या दिवशी मी मागच्या दारी नवी साडी सावरत उभी होते. पुढं पडवीत पाहुणे बसलेले. पोह्यांच्या बशा मागं झाकून ठेवल्या होत्या, आणि आमच्या थोरल्या शेळीनं झाकण ढकलून त्यात तोंड घातलं. मी काय करणार? रोज जे करते तेच केलं.

"पाव्हण्यांच्या पोह्यात त्वांड घालतीस व्हय गं भवाने! थांब, तुजी तंगडीच मोडते!"

पडवीतल्या सगळ्या माना मागं वळल्या. आईनं कपाळाला हात लावला. माझी चुलती मात्र हुशार बाई. ती तशीच पुढं गेली आणि पाहुण्यांना म्हणाली, "आवाज जरा मोठा हाय पोरीचा, पण कामाला वाघीण हाय. गाईची धार काढाया बसली की बघत ऱ्हावं." आमच्या दारात जन्मात गाय उभी राहिली नव्हती. चुलतीनं एका दमात शेळ्यांच्या गाई करून टाकल्या. शेळीची धार मी डोळे मिटून काढायचे, पण गाईच्या कासेला माझा हात कधी लागलेला नव्हता.

होकार आला. सगळ्यांनी एकच निष्कर्ष काढला: बाकी आवाजानं घालवलंच होतं, तारलं ते धारेनं. पणदऱ्याची माणसं, ऊस आणि दूध एवढंच त्यांना कळतं, असं चुलती म्हणाली. पाठवणीच्या वेळी सगळे रडत असताना आईनं माझ्या कानाशी तोंड नेलं. मला वाटलं काहीतरी मायेचं बोलेल. ती म्हणाली, "तितं त्वांड बंद ठेव. सासऱ्यापुढं शब्द काढू नगंस. आन् धार शिकून घे."

सासरी नियम कुणी सांगितले नाहीत. सासरी कुणी काहीच सांगत नसे. सून विचारत नाही, ओळखते, अशी अपेक्षा होती. घरात माणसं चार: आबा म्हणजे माझे सासरे, सासूबाई, नवरा आणि मी. सुनेनं सासऱ्यापुढं बोलायचं नाही, सासऱ्यानं सुनेशी थेट बोलायचं नाही, आणि नवरा-बायकोनं वडीलधाऱ्यांसमोर एकमेकांकडं बघायचंसुद्धा नाही. आबांना मला काही सांगायचं असलं की मी हाताच्या अंतरावर उभी असताना ते सासूबाईंना म्हणत, "अगं, तिला सांग, आज दोन माणसं जेवायला हायत." सासूबाई माझ्याकडं वळून म्हणत, "दोन माणसं हायत." मी मान हलवायची. सासूबाई आबांकडं वळत. "व्हय म्हणती."

पहिल्याच दिवशी मी आबांना चहा दिला. त्यांनी तो पिऊन पेला पालथा ठेवला. आमच्याकडं पालथा पेला म्हणजे धुतलेला, कोरा पेला. मी तो सुलटा करून पुन्हा भरला. आबा पेल्याकडं बघत राहिले, मग निमूट प्याले आणि पेला पुन्हा पालथा ठेवला. मी पुन्हा भरला. सासूबाई विहिरीवरून येईपर्यंत हे चाललं होतं. आबांच्या कपाळाला घाम आला होता. सासूबाईंनी माझ्या हातातलं पातेलं काढून घेतलं आणि सांगितलं, "पालथा म्हंजी बास." पण आबांनी एका शब्दानं नको म्हटलं नाही. सुनेला नको कसं म्हणायचं?

नवऱ्याशी बोलणं म्हणजे तर आणखी गंमत. तो बारामतीच्या एमआयडीसीत दुधाच्या कारखान्यात कामाला. सकाळी मोटारसायकलवर जायचा, संध्याकाळी यायचा. घरात आल्यावर तो ओट्यावर, मी चुलीपाशी, मधे आबा. म्हणून आम्ही मोबाईलवर संसार करत होतो. मी भाजीला फोडणी देत लिहायची, "वांगं चालतं का?" ओट्यावर टिंग वाजायचं. तो लिहायचा, "चालतं. तुला?" इकडं चुलीपाशी टिंग. आबा मधे बसून एकदा उजवीकडं बघत, एकदा डावीकडं. मला वाटायचं, त्यांना कुठं काय कळतंय.

इथं सगळ्या बाजूंनी ऊस. माळावर मला लांबवरचा रस्ता दिसायचा, इथं दाराबाहेर पडलं की हिरवी भिंत. थंडीचे दिवस होते, उसाला तुरे आले होते, आणि पहाटे धुकं खाली उतरलं की फक्त ते पांढरे तुरे वर तरंगताना दिसायचे. रात्रभर उसाच्या ट्रॉल्या जायच्या, त्यांच्यावरची गाणी जवळ येऊन लांब जायची. त्या सगळ्यात मला रोज पहाटे एकच स्वप्न पडायचं. आजोबा मेंढरांच्या मागं चालताहेत आणि कुणाशीतरी हळूहळू बोलताहेत. शब्द कळायचे नाहीत. नुसता आवाज, घोंगडीसारखा उबदार, आणि त्याच्या खाली दुधाची धार बादलीत पडल्याचा आवाज. त्या स्वप्नात मी सासरी आहे हे विसरून जायचे. जाग आली की उजाडलेलं असायचं आणि सासूबाई दुधाची किटली भरून ठेवत असायच्या.

गाय एकच होती, पण घराचा जीव तिच्यात. तिचं वासरू जन्मल्यावर आठवडाभरातच गेलं होतं, तेव्हापासून ती सासूबाईंनाच वासरू समजायची. त्या जवळ आल्या की पान्हावायची, दुसरं कुणी आलं की पान्हा चोरायची. गावात दूध काढायची मशिनं आली होती, पण एका गाईसाठी कोण आणतो? सासूबाई मला गोठ्यात येऊ देत नसत. "तुजी पाळी यील तवा बघू," म्हणायच्या. मी मनात म्हणायचे, देवा, ती पाळी न येवो.

ती आली. नणंद इंदापूरला दिलेली, तिचे दिवस भरत आले. सासूबाईंनी एका दुपारी पिशवी भरली आणि निघताना मला म्हणाल्या, "गाय तुज्या हवाली. लई नाजूक हाय. दूध कासंत ऱ्हायलं तर दगडी हुतीया, मग ती गाय गेल्यातच जमा. पण तुला काय सांगायचं? तुजा तर हातच बसल्याला." दगडी म्हणजे कास दगडासारखी घट्ट होते, हे मलाही माहीत होतं. मी मान हलवली. मग त्या आणखी म्हणाल्या, "येताना कळसला उतरीन. तुज्या आईला भेटून यीन." मी पुन्हा मान हलवली. पायाखालची जमीन हलत होती ते वेगळं.

आता माझी अडचण उघड होती. गाय बिघडली तर घराचं नुकसान होणार, आणि आमच्या माणसांनी खोटं बोलून पोरगी दिली हे चव्हाट्यावर येणार. मुलगी कुठं कमी पडली की माहेराकडं बोट दाखवतात. मला माझी नाही, आईची काळजी वाटत होती.

पहिल्या पहाटे मी बादली घेऊन गोठ्यात गेले. शेळीला चिमटीत धरायची सवय, गाईला मूठ लागते. मी दोन बोटांनी ओढायला लागल्यावर गाईनं मान वळवून माझ्याकडं असं पाहिलं, जसं तालुक्याच्या कचेरीतला साहेब अर्ज चुकला की बघतो. मग तिनं पाय झाडला. बादली गेली एकीकडं, मी शेणात. मागच्या ओट्यावर आबा घोंगडी पांघरून, गोठ्याकडं पाठ आणि उसाकडं तोंड करून बसलेले. ते रोजच तिथं बसत. त्यांनी बादलीचा आवाज ऐकला असणारच. ते हलले नाहीत आणि बोललेही नाहीत.

आत येऊन मी मोबाईल घेतला आणि अंथरुणात बसलेल्या नवऱ्याला, समोर उभी राहून, लिहून कळवलं, "मला गाईची धार येत नाही. शेळीची येते." टिंग. त्यानं वाचलं, माझ्या शेणानं भरलेल्या साडीकडं पाहिलं, आणि उशीत तोंड खुपसून हसला. मला असा राग आला की लग्नातला आहेरच त्याच्या डोक्यात घालावा. पण तो उठला, बादली घेऊन गोठ्यात गेला. लहानपणी त्यानं धारा काढलेल्या. गाईनं त्यालाही धुडकावलं. कारखान्यात टाक्याच्या टाक्या दूध सांभाळणारा माणूस तांब्याभर दूध घेऊन परत आला.

दुसऱ्या पहाटे मला जाग आली तर शेजारी तो नव्हता. गोठ्यात गेले आणि उंबऱ्यावरच थबकले. गाईपाशी सासूबाई बसल्या होत्या.

तीच विटकी हिरवी साडी. गोठ्यात खुंटीला कायम टांगलेली असायची, धार काढताना सासूबाई ती अंगावरच्या साडीवरून गुंडाळून घ्यायच्या. पेंडीचा, शेणाचा, दुधाचा असा सगळा वास तिच्यात मुरलेला. पदर कपाळापर्यंत ओढलेला. मग पदराखालून मिशी दिसली, साडीखालून कारखान्याची निळी पँट दिसली, आणि मी माझा पदर गोळा करून तोंडात कोंबला. हसायची सोय नव्हती. ओट्यावर आबा होते, आणि गाईनं नुकताच त्याच्या खांद्याचा वास घेऊन, फसून, तो चाटायला सुरुवात केली होती. त्यानं बोटानं गप्प राहायची खूण केली. मग तोही हसायला लागला, बिनआवाजाचा, साडीसकट गदगदा हलत. गाईला ते आवडलं नाही.

लग्नात अंतरपाट दूर झाला तेव्हा मी त्याला पाहिलं होतं, पण घाईत, आणि सगळे बघत असताना. नवरा म्हणून मी त्याला नीट पाहिलं ते त्या पहाटे, आईच्या साडीत. धुकं गोठ्यात शिरलं होतं, कंदिलासारखा एक पिवळा बल्ब लागला होता, आणि हा माणूस माझ्या माहेरची लाज राखायला डोक्यावर पदर घेऊन बसला होता. मला तो आवडला. अगदी मनापासून आवडला.

दूध आलं, पण अर्धंच. मी बादली उचलली तेव्हा माझ्या लग्नाच्या बांगड्या वाजल्या, आणि गाईनं कान टवकारले. आम्ही दोघांनी एकमेकांकडं पाहिलं. सासूबाईंच्या हातभर बांगड्या धार काढताना बादलीच्या काठाला लागून किणकिणायच्या. त्या दिवशी संध्याकाळी आबा शेताकडून यायच्या आत आम्ही पुन्हा बसलो. त्यानं साडी नेसून मूठ चालवायची आणि मी त्याला खेटून बसून त्याच तालावर बांगड्या वाजवायच्या. दोघं मिळून आम्ही एक सासूबाई तयार केल्या होत्या. गाय थोडी फसली, दूध थोडं वाढलं. पण हात लावला की कास अजून घट्टच लागायची. दिवसेंदिवस जास्तच.

इंदापूरहून सासूबाईंचा फोन यायचा, आबांच्या मोबाईलवर. "गाय कशी हाय?" त्यांचा आवाज ओट्यावरून चुलीपर्यंत ऐकू यायचा. "हाय," आबा म्हणायचे. "आन् पोरगी?" "हाय." फोन बंद. सासूबाई नसल्यामुळे आता 'तिला सांग' म्हणायलाही कुणी उरलं नव्हतं. आबांना भाकरी हवी असली की ते ताट बोटानं इंचभर पुढं सरकवत. मी वाढायची. बास झालं की हात आडवा धरत, आणि एकदा माझं लक्ष नव्हतं म्हणून मी गरम भाकरी त्यांच्या हातावरच वाढली. त्यांनी हूं की चूं केलं नाही. मला वाटलं, हा माणूस दगडाचा आहे.

नणंदेला मुलगी झाली. सासूबाई आता कधीही येणार होत्या. त्या पहाटे मी लवकर जागी झाले आणि तशीच पडून राहिले, अर्धी झोपेत. काहीतरी चुकल्यासारखं वाटत होतं. बऱ्याच वेळानं कळलं की मी वाट बघत होते. आजोबांच्या आवाजाची. ते स्वप्न कित्येक दिवसांत पडलं नव्हतं. सासूबाई गेल्यापासून पडलंच नव्हतं. मग मला लख्ख कळलं की ते स्वप्न नव्हतं. मागच्या खिडकीतून रोज पहाटे खरोखरच कुणाचंतरी बोलणं ऐकू येत होतं, धारेच्या आवाजावर, हळूहळू. दिवसभर तोंड न उघडणारे आबा, गोठ्याकडं पाठ करून, सासूबाईंशी तेवढा वेळ बोलत असत. त्यांचा संसार तेवढ्यातच उरकत असावा. आणि गाईनं रोज तो आवाज ऐकत पान्हा सोडला होता.

मी अंधारातच नवऱ्याला लिहिलं, "आबा बोलत नाहीत म्हणून गाय दूध देत नाही." तो गोठ्यात साडी नेसत होता. उत्तर आलं, "मग मी जाऊन सांगू आबांना? हा असा, साडीत?" तेही खरंच होतं.

मी गोठ्यात गेले. धुकं इतकं होतं की ओट्यावरची घोंगडी म्हणजे नुसता काळा ढीग दिसत होता. गाय अंग चोरून उभी होती. तिच्या कासेला हात लावला तर तिनं वेदनेनं पाय उचलला, आणि मला तिचं फार वाईट वाटलं. माझ्या अब्रूची काळजी त्या क्षणी मागं पडली. हे मुकं जनावर आमच्या मुकेपणापायी मरायला टेकलं होतं. सासऱ्यापुढं शब्द काढू नगंस, आई म्हणाली होती. मी सासऱ्यांशी बोललेच नाही. मी गाईशी बोलले.

"गाई! आबा रोज बोलायचं न्हाय का गं? आता गप झाल्यात म्हणून रुसलीस व्हय? मग त्यास्नी सांग की, बोला म्हणावं!"

हळू म्हणायचं होतं. इतके आठवडे कोंडलेला आवाज, तो कळसच्या माळावरचाच निघाला. शेजारच्या वस्तीवरचं कुत्रं भुंकलं. नवऱ्याच्या डोक्यावरचा पदर गळून पडला. मला वाटलं, संपलं, आता पिशवी भरावी.

ओट्यावरून खाकरल्याचा आवाज आला. घोंगडी हलली, पण वळली नाही.

"गाई," आबा म्हणाले, "तिला सांग, मला वाटलं नव्या पोरीला आवडायचं न्हाय. सासरा पाठीमागं बसून बडबडतोय, म्हणंल."

मग थोडं थांबून ते बोलायला लागले. सुरुवातीला अडखळत, मग कालव्याच्या पाण्यासारखे संथ. धुकं लई पडलंय, म्हणाले. खालच्या रानात ऊस तोडायला टोळी उद्या येणार म्हणत्यात, पण त्यांचं काय खरं न्हाय. नात झाली, ती म्हणं आजीच्या तोंडावळ्याची हाय. घरात करमत न्हाय. दोन मोबाईल टिंगटिंग वाजत्यात, त्येवढाच काय तो घरात आवाज. स्वप्नात कळायचे नाहीत ते शब्द आता मला कळत होते. सगळे साधेच होते. नवऱ्याची मूठ हलली, माझ्या बांगड्या हलल्या, आणि दूध आलं. धारेचा आवाज बदलला, रिकाम्या बादलीवरचा कडक आवाज जाऊन फेसातला जाड, दबका आवाज यायला लागला. गाईनं मान खाली घातली आणि रवंथ सुरू केला.

"आन् गाई, तिला हे बी सांग," आबा म्हणाले. "तिच्या चुलतीनं थाप मारली ती मला तवाच कळली. दारात शेण कुठं हुतं? समद्या लेंड्याच."

माझ्या बांगड्या थांबल्या.

"धार काढणारी बाई ह्या घरात हाईच. मी व्हय म्हणलो ते शेळीवर वरडल्यालं ऐकून. लई वर्सं झाली, ह्या घरात कुणी तसं वरडलं न्हाय. म्हणलं, बोलणारं माणूस यिऊ दे एक. आन् घरात आली तर तीच मुकी झाली. आता आमी कुणाला सांगायचं?"

मी गाईच्या पाठीवर डोकं टेकून रडले. एवढे दिवस मी ज्या माणसाचा मान म्हणून गप्प होते, तो माझ्या आवाजाची वाट बघत बसला होता. हे कुणी आधी सांगितलं असतं तर? पण कुणी सांगायचं? मग घोंगडीतून शेवटचं वाक्य आलं.

"आन् त्या साडीतल्या बाईला सांग, मिशा झाक म्हणावं. लोक डेअरीला जायची येळ झाली."

त्यानंतर ती साडी मी नेसायला लागले. नवरा शेजारी बसून मूठ कशी आवळायची ते दाखवायचा, आबा ओट्यावरून बोलायचे आणि मी गाईला उत्तरं द्यायची. हात बसायला वेळ लागला, पण कास मऊ झाली. सासूबाई आल्या त्या दुपारी आधी गोठ्यात गेल्या. गाईला कुरवाळलं, कास दाबून पाहिली, खुंटीवरची साडी हातात घेऊन तिच्या सुटलेल्या काठाकडं जरा जास्तच वेळ बघितलं. मग पिशवीतून शेंगदाण्याच्या चटणीचा डबा काढून माझ्या हातात ठेवला.

"तुज्या आईनं दिलीया," म्हणाल्या. आणि घरात जाता जाता, "शेळ्या झ्याक हायत तुमच्या."

दुसऱ्या दिवशी पहाटे मी अंथरुणातच होते. धुकं खिडकीतून आत आलं होतं. मागं धार सुरू झाली, आणि तिच्यावर तो आवाज. मी डोळे मिटून ऐकत होते, पुन्हा स्वप्नात शिरत होते, एवढ्यात आबा म्हणाले, "अगं, तिला इचार, कळसला थंडी कशी हाय यंदा."

धारेचा आवाज थांबला. "मला धार काढू द्या," सासूबाई म्हणाल्या. "तुमीच इचारा."

शेजारी नवरा जागा होता, त्यानं माझा हात दाबला. मग आबा खाकरले.

"पोरी," त्यांनी हाक मारली. मधे कुणी नव्हतं, गाईसुद्धा नव्हती. "कळसला थंडी कशी हाय गं?"

मी उठले, खिडकी पूर्ण उघडली आणि सांगायला लागले. थंडीचं सांगितलं, माळाचं सांगितलं, शेळ्या थंडीत कुठं बांधतो ते सांगितलं. वाऱ्यात ऐकू जावं म्हणून सगळं मोठ्यानंच सांगितलं. पणदऱ्याला पहाटे वारा नसतो, हे मला तोवर ठाऊक झालं होतं.